काडतूस कुणाच्या कोठारातले?

गेल्या वर्षी भाद्रपदात अकोल्यातल्या एका बंदूकविक्रेत्याच्या दुकानात आम्ही चौघे बसलो होतो. माझा शाळासोबती, त्याचा अमेरिकेहून आलेला पुतण्या, दुकानदार आणि मी. टेबलावर जुन्या फडक्यावर एक रिव्हॉल्व्हर ठेवलेले होते. सोबत्याचे आबाजी इंग्रजी अमदानीत ऑनररी मॅजिस्ट्रेट होते. त्यांच्या परवान्यावरचे ते हत्यार पुढे सोबत्याच्या मोठ्या काकांच्या नावावर चढले. काका उन्हाळ्यात वारले. परवाना माणसाच्या नावाचा असतो, घराण्याच्या नावाचा नसतो. म्हणून घरच्यांनी कायद्याप्रमाणे ते परवानाधारक दुकानात जमा केले होते. आता पुढे काय, हे विचारायला आम्ही आलो होतो.

दुकानदाराने ते उचलून नुसते पाहिले आणि परत फडक्यावर ठेवले. म्हणाला, "हे पीबी हाय, भाऊ. बत्तीस असतं तर पोराच्या नावानं अर्ज केला असता. याचा कागद दिल्लीले जाते."

पीबी म्हणजे प्रोहिबिटेड बोअर, मनाई असलेल्या मापाचे हत्यार. ते वेब्ली कंपनीचे मार्क सहा होते, .४५५ बोअरचे. पहिल्या महायुद्धात, १९१५ साली इंग्रजी फौजेने स्वीकारलेले, सहा गोळ्यांचे, किलोभराहून जड.

पुतण्या हसला. तो तिकडे सुटीच्या दिवशी काउबॉय पद्धतीच्या नेमबाजीच्या स्पर्धा खेळतो. म्हणाला, "काका, आमच्या खेळात बत्तीसपासून पंचेचाळीसपर्यंत काहीही चालतं. पण गंमत म्हणजे हे तिकडेही चालणार नाही."

"का? माप मोठं पडतं?"

"मापाचं सोडा. हे डबल ॲक्शन आहे."

एकच हत्यार आणि दोन नियमपुस्तके. दोन्हीकडे त्याला नकार, पण नकाराची कारणे एकमेकांशी अजिबात न जुळणारी. मी शस्त्रतज्ज्ञ नाही. वऱ्हाडातले जुने वाडे, गढ्या आणि त्यांतली दप्तरे हा माझा विषय. पण त्या दुपारपासून हा प्रश्न डोक्यातून जाईना. कोणते माप चालेल आणि कोणते चालणार नाही, हे कोण ठरवते, आणि ठरवताना त्याच्या मनात नेमके काय असते?

*

आधी माप म्हणजे काय ते पाहू. 'बोअर' म्हणजे नळीची आतली रुंदी. शेतकऱ्याच्या बारा बोअर बंदुकीतला 'बारा' हा आकडा इंचाचा नाही. एक पौंड शिशाच्या सारख्या बारा गोळ्या ओतल्या, तर त्यातली एक जेवढी जाड होईल तेवढी ती नळी. म्हणून सोळा बोअर ही बारा बोअरपेक्षा लहान. रायफल आणि रिव्हॉल्व्हरचे आकडे मात्र इंचाच्या अंशात असतात: .३२ म्हणजे एका इंचाचे शंभरातले बत्तीस भाग.

पण हे आकडेही सरळ नाहीत. '.३८ स्पेशल' नावाच्या काडतुसातली गोळी प्रत्यक्षात .३५७ इंचाची असते. तेव्हा बोअर हे माप थोडे आणि नाव जास्त. ते नाव ज्या काडतुसाचे, ते काडतूस त्या हत्यारात बसते, एवढाच त्याचा खरा अर्थ. ही गोष्ट वाचकांनी लक्षात ठेवावी, कारण पुढचा सगळा इतिहास या 'बसते'भोवती फिरतो.

आता पुतण्याचा खेळ. १९८०च्या दशकाच्या आरंभी दक्षिण कॅलिफोर्नियातल्या काही हौशी मंडळींनी तो सुरू केला आणि १९८७ साली 'सिंगल ॲक्शन शूटिंग सोसायटी' ही त्याची संघटना उभी राहिली. खेळाडू एकोणिसाव्या शतकातला पोशाख घालतात आणि त्या काळाला शोभेल असे टोपणनाव घेतात. प्रत्येकाजवळ दोन रिव्हॉल्व्हर, एक खटक्याची रायफल आणि एक छऱ्याची बंदूक. लोखंडी पाट्यांवर ठरलेल्या क्रमाने नेम धरायचा. कमी वेळ आणि कमी चुका करणारा जिंकतो.

हत्यार १९००पूर्वीच्या धाटणीचे हवे. रिव्हॉल्व्हर सिंगल ॲक्शन हवे, म्हणजे दर वेळी अंगठ्याने घोडा मागे ओढायचा आणि मगच चाप दाबायचा. वेब्लीत नुसता चाप दाबला तरी घोडा आपोआप उठून पडतो. म्हणून ते बाद. मापाची मर्यादा .३२ ते .४५. गोळी साध्या शिशाची, तांब्याचे कवच नसलेली. रिव्हॉल्व्हरच्या गोळीचा वेग सेकंदाला हजार फुटांच्या आत. पाट्या अगदी जवळ असतात. वेगवान किंवा कवचाची गोळी लोखंडावर आपटून उलटली, तर खेळणाऱ्याच्याच अंगावर यायची. सहा घरांच्या रिव्हॉल्व्हरमध्ये पाचच काडतुसे भरायची आणि घोड्याखालचे घर रिकामे ठेवायचे. जुन्या बनावटीत घोड्याला धक्का लागून बार उडण्याचा धोका असे, त्यावरचा हा उपाय.

एवढ्या चौकटीत खेळाडूने आपले माप निवडायचे. इतिहासाची ओढ असलेला .४५ कोल्ट घेतो, कारण ते १८७३च्या सुमाराचे. दोन्ही हत्यारांना एकच काडतूस हवे असलेला .४४-४० घेतो, कारण विंचेस्टरच्या १८७३च्या रायफलीतही तेच चालत असे. स्वस्ताई पाहणारा .३८ स्पेशल घेतो. हलका झटका हवा असलेला .३२कडे वळतो. नियमाच्या मुळाशी दोनच काळज्या आहेत. हत्यार त्या काळातले वाटले पाहिजे आणि कुणाला इजा होता कामा नये. काडतूस कुणाच्या कोठारातले, हा प्रश्न तिथे कुणाच्या मनातही येत नाही.

आपल्याकडे मात्र पहिला प्रश्न तोच असतो. तो कसा आला, हे समजायला वऱ्हाडातूनच सुरुवात केली पाहिजे.

*

अकोला जिल्ह्यात, तेल्हाऱ्याजवळच्या अडगावच्या माळावर २९ नोव्हेंबर १८०३ रोजी नागपूरकर भोसल्यांची फौज आर्थर वेलस्लीच्या फौजेपुढे हरली. सोळा दिवसांनी, १५ डिसेंबरला, मेळघाटातला गाविलगड पडला. आणखी दोन दिवसांनी देवगावचा तह झाला.

गाविलगडावर आजही जुन्या तोफा आहेत. नरनाळ्यावर नऊगजी तोफ आहे. त्या पाहताना एक गोष्ट जाणवते. प्रत्येक तोफेचे तोंड निराळे, आणि तिचा गोळा तिच्यापुरता. बंदुकांचेही तेच होते. तोड्याच्या बंदुकीबरोबर गोळ्या ओतायचा साचा असे. शिसे बाजारात मिळे, दारू कुटणारे कारागीर मुलखात असत. नळीचे माप ही बंदूकवाल्याची घरगुती बाब होती. हत्यार हिसकावून घेता येत असे, पण त्याचे अन्न बंद करता येत नसे.

काडतूस आले आणि हे बदलले. १८५७च्या उठावाची ठिणगी एका काडतुसानेच टाकली, हे शाळेतल्या मुलालाही ठाऊक आहे. .५७७ मापाच्या नव्या एनफिल्ड रायफलीचे ते काडतूस. उठाव मोडल्यावर इंग्रजांनी काय केले, हे मात्र फारसे सांगितले जात नाही. देशी पलटणींसाठी त्यांनी तशाच दिसणाऱ्या पण आतून निराळ्या बंदुका घडवल्या. नळी रुंद केली, .६५६ इंचाची, आणि आतले आटे काढून ती गुळगुळीत केली. आटे नसले की गोळी फिरत जात नाही आणि लांबचा नेम लागत नाही. गोऱ्या शिपायाच्या हातात रायफल आणि काळ्या शिपायाच्या हातात तिची नक्कल. नळीच्या मापाने माणसांची प्रतवारी करण्याचा हा आपल्याकडचा पहिला ठळक दाखला.

१८६०च्या कायद्याने हत्यारांवर बंधने घातली आणि १८७८च्या शस्त्र कायद्याने परवान्याची चौकट पक्की केली. त्या चौकटीतून युरोपियनांना सूट होती. वऱ्हाड १८५३पासून इंग्रजांच्या कारभाराखाली आले, तरी कागदोपत्री ते निजामाचेच होते. १९०२ साली ते कायमच्या पट्ट्याने घेऊन पुढच्या वर्षी मध्य प्रांताला जोडले. त्यामुळे इंग्रजी कायदे इथे हुकूम काढून लागू केले जात. पण हत्यारांच्या बाबतीत शेजारच्या मुलखात आणि आपल्यात फरक राहिला नाही.

यानंतर धातूच्या कोशाचे काडतूस सर्रास झाले. ते घरी ओतता येत नाही; त्याला कारखाना लागतो. आता सरकारला प्रत्येक बंदुकीमागे धावायचे कारण उरले नाही. फौजेच्या कोठारातले काडतूस बाहेरच्या कोणत्याही हत्यारात बसणार नाही, एवढी काळजी घेतली की झाले. चोरीला गेलेले काडतूस मग नुसता पितळेचा तुकडा!

.४५० हे मार्टिनी-हेन्री या फौजी रायफलीचे माप. ती काडतुसे बंडखोरांच्या हाती लागतात, म्हणून विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात .४५० मापाच्या रायफली आणि काडतुसे हिंदुस्थानात आणायला बंदी झाली. बंदी सगळ्यांना होती. त्यामुळे मध्य प्रांतातल्या जंगलांत वाघ आणि गवे मारणारे गोरे शिकारीही अडचणीत आले. विलायतेतल्या बंदूक कारखानदारांनी मग .४६५, .४७०, .४७५ अशी मापे बाजारात आणली. शिकारीच्या पुस्तकांत ही मापे मोठ्या कौतुकाने येतात. त्यांच्यामागे जनावराच्या ताकदीचे गणित कमी आणि एका सरकारी बंदीतून काढलेली पळवाट जास्त आहे.

तीच गोष्ट .३०३ची. ते फौजेचे माप झाल्यावर खासगी माणसाला वर्ज्य झाले, आणि हिंदुस्थानी बाजारासाठी .३१५ मापाची रायफल आली. आजही परवान्याच्या रायफलीला आपण 'तीनशे पंधरा' म्हणतो, ते यामुळे. सगळ्यात बोलका नमुना मात्र .४१०च्या मस्केटचा. पोलीस आणि तुरुंगाचे पहारेकरी यांच्यासाठी फौजी रायफलीची नळी .४१०पर्यंत रुंद करून गुळगुळीत केली आणि एका वेळी एकच काडतूस भरता येईल अशी तिची रचना केली. ज्याच्या हातात सरकारने स्वतःच हत्यार दिले, त्याच्यावरही सरकारचा भरवसा नव्हता.

त्या भीतीला कारणे नव्हती असे नाही. १८९७ साली पुण्यात रँडचा वध झाला. २१ डिसेंबर १९०९ रोजी नाशिकच्या नाट्यगृहात अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या त्या विलायतेहून चोरून आलेल्या ब्राउनिंग पिस्तुलातून. पण या घटनांतून दिसते ते हेच, की मापाच्या यादीने असा माणूस अडत नाही. यादीने अडतो तो परवाना मागणारा, म्हणजे कायदा पाळणारा.

ज्यांना हत्यार मिळणे शक्य नव्हते, त्यांनी शरीर घडवण्याची वाट धरली. १९१४ साली अमरावतीत वैद्य बंधूंनी हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाची स्थापना केली. याच मंडळाच्या पथकाने १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी देशी खेळांची प्रात्यक्षिके जगाला दाखवली. निःशस्त्र केलेल्या मुलखात आखाडा इतका का फोफावला, याचे सगळे उत्तर शस्त्र कायद्यात नाही. थोडे मात्र नक्की आहे.

*

स्वातंत्र्यानंतर ही यादी बदलली असेल, असे मला वाटत होते. मी १९५९चा शस्त्र कायदा आणि १९६२चे नियम घेऊन बसलो. (कायदा १ ऑक्टोबर १९६२पासून लागू झाला.) मनाईच्या वर्गात काय आहे? .३०३ किंवा ७.६२ मिलिमीटरचे फौजी काडतूस ज्यात बसेल अशी रायफल. .४१०चे मस्केट. आणि .३८० किंवा .४५५चे कडेवाले काडतूस, किंवा फौजी ९ मिलिमीटरचे, किंवा .४५चे बिनकडेचे काडतूस ज्यात बसून उडू शकेल असे कोणतेही पिस्तूल, रिव्हॉल्व्हर किंवा कार्बाइन. मग त्याचे स्वतःचे बोअर काहीही असो.

शब्दरचना पाहा. नळी किती इंचांची, हे कायदा विचारत नाही. सरकारी काडतूस तिच्यात बसते का, हे विचारतो. कायदा करणाऱ्यांना नाव आणि माप यांतला फरक पुरता ठाऊक होता. गोळी किती जोरात लागेल, याचाही इथे संबंध नाही. .३५७ मॅग्नम हे .३८०पेक्षा कितीतरी जोरकस काडतूस. पण ते आपल्या फौजेचे नाही, म्हणून या यादीत त्याचे नाव नाही. .४५५ आता कोणतीही पलटण वापरत नाही. तरी सोबत्याच्या आबाजींचे रिव्हॉल्व्हर त्या ओळीत अडकून पडले आहे.

याच कायद्याच्या तेराव्या कलमात वऱ्हाडच्या शेतकऱ्याच्या जवळची एक ओळ आहे. पिकाच्या राखणीसाठी परवाना मागायचा तर तो ठासणीच्या बंदुकीचा. आपल्याकडे रोही आणि रानडुकरे उभे पीक एका रात्रीत लोळवतात, आणि शेतकऱ्यासाठी कायदा १९५९ साली दीडशे वर्षे मागची बंदूक सुचवतो. कारण उघड आहे. ठासणीच्या बंदुकीला काडतूसच नाही. कोणत्याही कोठाराशी तिचे नाते जुळत नाही. अडगावच्या माळावर होती त्याच जातीची ती बंदूक, म्हणून सरकारला ती सगळ्यात निर्धोक वाटते.

*

आता पुतण्याचा प्रश्न. "समजा, इथे अकोल्यात किंवा अमरावतीत असा खेळ सुरू करायचा झाला, तर कोणतं माप घ्यायचं?" त्याने तो गमतीत विचारला होता. मी तो गंभीरपणे घेतला.

.४५ हे नावच जिथे मनाईच्या ओळीत येते, तिथे त्याच्या आसपासचे काही सुचवण्यात अर्थ नाही. .४४-४० आणि .३५७ यांची नावे यादीत नसली, तरी १९८०च्या दशकापासून सामान्य माणसाला परदेशी हत्यार आणण्याची वाट जवळपास बंद आहे. ती सवलत नामांकित नेमबाजांपुरती. हाती उरते .३२. कानपूरच्या सरकारी कारखान्याचे रिव्हॉल्व्हर याच मापाचे, आणि २०१४ साली स्त्रियांसाठी म्हणून काढलेले हलके 'निर्भीक'ही याच मापाचे. त्यांचे काडतूस '.३२ स्मिथ अँड वेसन लाँग'. ते निघाले १८९६ साली, म्हणजे काउबॉय खेळाच्या काळमर्यादेत बसते. .३२ ही त्या खेळाच्या मापाची खालची मर्यादा. तिथेही ते बसते. वेग मुळातच कमी आणि झटका हलका. पण कानपूरचे रिव्हॉल्व्हर वेब्लीच्याच वंशातले, मधून मोडणारे आणि डबल ॲक्शन. काडतूस पास, हत्यार नापास! नुसते माप निवडून भागत नाही, हा धडा पुन्हा तिथेच.

याच लहानशा काडतुसाला दुसरीकडे मोठा मान आहे. आंतरराष्ट्रीय नेमबाजीत पंचवीस मीटरवरचा सेंटरफायर पिस्तूल हा प्रकार आहे. त्यात ७.६२ ते ९.६५ मिलिमीटरपर्यंतची मापे चालतात, पण बहुतेक खेळाडू .३२ लाँगच निवडतात, कारण ते शांत आणि अचूक आहे. जसपाल राणा यांनी १९९४च्या हिरोशिमा आशियाई स्पर्धेत आणि पुन्हा २००६ साली दोहामध्ये सुवर्णपदक मिळवले ते याच प्रकारात. दोहाला त्यांनी ६००पैकी ५९० गुण घेऊन विश्वविक्रमाची बरोबरी केली. आपल्याकडे मनाईतून उरलेले माप म्हणून ज्याच्याकडे पाहिले जाते, ते जगातले निष्णात नेमबाज आपखुशीने घेतात. हे मी सांगितले तेव्हा दुकानदारालाही त्याचे नवल वाटले.

*

शस्त्रबंदी उठवा, असे म्हणण्यासाठी मी हे लिहिलेले नाही. घरोघरी रिव्हॉल्व्हर असलेल्या देशात काय होते, ते पुतण्याच आम्हाला सांगत होता, आणि सांगताना त्याच्या बोलण्यात गंमत नव्हती. मुलाच्या शाळेत गोळीबार झाला तर कुठे लपायचे, याची तालीम घेतात म्हणाला. आपल्याकडे ती वेळ नाही, याचे काही श्रेय या कडक कायद्याला दिलेच पाहिजे.

माझे म्हणणे एवढेच, की यादी वाचताना ती कुणी आणि कुणाच्या भीतीने लिहिली हे ओळखावे. काउबॉय खेळातली यादी खेळणाऱ्याच्या जिवाची काळजी करते. आपली यादी कोठाराची काळजी करते. ती मूळची परक्या राज्यकर्त्यांची. ज्यांना आपल्या शिपायाचाही भरवसा नव्हता त्यांची. आपण ती घेतली आणि तिचे मूळ कारण विसरलो. त्यामुळे धोका कशात आहे याचा विचार मागे पडतो आणि आकडा तेवढा शिल्लक राहतो.

या आकड्यापायी आणखी एक गोष्ट चालली आहे, आणि मला तिची काळजी जास्त वाटते. जुन्या वाड्यांतली कर्ती पिढी आता संपत आली. प्रत्येक मृत्यूनंतर एखादे हत्यार जमा होते. ते पीबी निघाले की घरचे लोक दिल्लीच्या कागदाला भितात आणि त्याच्यावरचा हक्क सोडतात. त्यात चूक काही नाही. पण नळीवरचे ठसे, कारखान्याचा क्रमांक, विकणाऱ्या पेढीचे नाव, परवान्यावरच्या नोंदी, कुणाला कोणते माप मिळाले आणि कुणाला नाकारले, हा सगळा इतिहास त्या हत्याराबरोबर जातो. घराण्यांचे करीने आणि महजर आपण जपतो, तशीच ही नोंदही जपायला हवी.

त्या दुपारी मी दुकानदाराची परवानगी घेऊन वहीत सगळे उतरवले. ठसे जसेच्या तसे काढले. परवान्याच्या पुस्तिकेतली पानामागून पान नक्कल केली. सोबती तोवर गप्प बसून होता. माझे झाल्यावर त्याने ते रिव्हॉल्व्हर एकदा उचलले, आबाजींच्या हाताने झिजलेल्या मुठीवरून अंगठा फिरवला आणि फडक्यात गुंडाळून दुकानदारापुढे सरकवले.

"अर्ज करत नाही आता," तो म्हणाला. "वहीत आलं ना? बस झालं."

दुकानदाराने पावती फाडली. हत्याराच्या वर्णनाच्या रकान्यात त्याने एवढेच लिहिले: रिव्हॉल्व्हर, .४५५, पीबी.